गेमच्या डब्या: आधी पट्टी, मग कप्पा

परळच्या आमच्या खोलीत भिंतीतलं एकच कपाट आहे. त्यातला मधला कप्पा माझ्या व्हिडिओ गेमच्या डब्यांचा. सुताराला बोलावण्याआधी मी प्रत्येक प्रकारची डबी मोजली, आणि तुम्हीही तेच करा.

पट्टीचं टोक झिजलेलं असतं, म्हणून शून्याऐवजी 1 सेंटिमीटरच्या रेघेपासून मोजा आणि शेवटी 1 वजा करा. निन्टेंडोच्या स्विच या गेम खेळायच्या यंत्राची गेमडबी साधारण 17 सेंटिमीटर उंच आणि साडेदहा रुंद. त्याच कंपनीच्या जुन्या डीएस यंत्राची बुटकी, साडेतेरा उंच, पण रुंदीला साडेबारा. म्हणजे कप्प्याची खोली डीएसवरून ठरवायची आणि उंची स्विचवरून. वर दोन सेंटिमीटर मोकळे सोडा, नाहीतर डबी काढायला बोट शिरत नाही. जाडी एकेकीची मोजू नका. दहा डब्या शेजारी-शेजारी उभ्या करून एकदम मोजा. स्विचच्या दहा जवळपास 11 सेंटिमीटर भरतात.

डब्या उभ्याच ठेवा. आडव्या थप्पीत खालची हवी असली की सगळी थप्पी उतरवावी लागते.

खरा शत्रू पावसाळा. एका जुलैत माझ्या आवडत्या डबीचं आतलं कव्हर ओल धरून लाटांसारखं फुगलं, कडेला काळे ठिपके आले. तेव्हापासून बाहेरच्या भिंतीला डब्या टेकवत नाही, मागे दोन बोटं जागा सोडते. जूनपासून घट्ट झाकणाच्या प्लास्टिकच्या डब्यात, सिलिका जेलच्या पुड्यांसोबत. कोरड्या दिवशीच भरा, नाहीतर दमट हवाच आत कोंडली जाते.