विंचू ‘उतरला’ म्हणून निजू नका : कोरडवाहू भागातल्या नेहमीच्या चुका

पाऊस तोंडावर आला की आमच्या कोरडवाहू भागात बांधाचे दगड हलतात, कडबा उचलला जातो, गोठे झाडले जातात आणि माझा फोन वाजायला लागतो. साप धरायला अठरा वर्षं हिंडतोय. फोनवरचं माणूस बदलतं, चूक तीच असते.

सगळ्यात डोकं फिरवणारी चूक म्हणजे आकार बघून भिणं. काळीकभिन्न इंगळी, म्हणजे मोठा काळा विंचू, बिळातून निघाली की अख्खी वस्ती गोळा होते. तिचे पुढचे चिमटे खेकड्यासारखे जाड, शेपूट त्या मानाने बारीक. डसली तर ठणका लागतो, पण सहसा जिवावर बेतत नाही. घातकी असतो तो तांबूस, बोटाएवढा विंचू. त्याचे चिमटे काडीसारखे आणि शेपूट जाड. तो चावला की मात्र लोक हसतात, ‘एवढासा तर होता!’

माझ्या चुलतभावाला कडब्याची पेंढी उचलताना असाच एक बोटाला डसला. कुणी कांदा चोळला, कुणी मंत्र घालणाऱ्याला बोलावलं. तासाभराने भाऊ म्हणाला, ‘ठणका कमी झाला.’ मंत्रवाला म्हणाला, उतरला. चहा झाला. मी पोचलो तेव्हा भाऊ ओट्यावर बसलेला, सदरा घामाने पिळून काढावा इतका ओला, दोनदा उलटी झालेली. हात धरला तर बर्फ. वहिनी म्हणत होत्या, ‘घाम आला म्हणजे विष बाहेर पडतंय, भावजी.’ विष बाहेर पडत नव्हतं, काळजावर चढत होतं. या विंचवाच्या विषाने रक्तदाब एकदम उसळतो, मग हृदय थकतं आणि फुप्फुसात पाणी भरतं.

त्याला मध्ये बसवून मोटरसायकलवरून दवाखान्यात नेलं. तिथल्या डॉक्टरांनी आधी यंत्र नाही, त्याचे तळवे चाचपले. रक्तदाब उतरवणारी प्राझोसिनची गोळी दिली आणि रात्रभर झोपूनच ठेवलं. मला म्हणाले, ‘दुखतंय म्हणून ओरडणाऱ्याची मला एवढी भीती नसते. न दुखता घामाने भिजलेला आला की मी खुर्ची सोडतो.’ पहाटे तळवे गरम झाले आणि बोट पुन्हा ठणकायला लागलं. डॉक्टर त्या ठणक्यावर खूश!

हा गोळीचा उपचार महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी रूढ केला. त्यांना २०२२ साली पद्मश्री मिळाली. या गोळीआधी अशी माणसं डोळ्यांदेखत जायची. पण म्हणून ती गोळी आणून घरात ठेवायचा शहाणपणा नको. रक्तदाब एकदम उतरून माणूस उभ्याउभ्या कोसळतो. आणि एक लक्षात ठेवा, सापाची लस विंचवाला चालत नाही. ती नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांसाठी आहे. विंचवाची लस वेगळी. म्हणून दवाखान्यात काय चावलं ते पहिल्या वाक्यात सांगा.

दुसरी चूक मण्यारीची. ‘सूज नाही, म्हणजे बिनविषारी होता.’ मण्यारीचे दात इतके बारीक की जमिनीवर निजलेल्या माणसाला कधी चावल्याचं कळतही नाही. पहाटे पोटात कळ येते, पापण्या जड होतात, घास गिळवत नाही. घरचे ओवा देतात. नका देऊ. १०८ला फोन करा आणि श्वासाचं यंत्र असलेल्या ठिकाणी न्या.

इथेच नवशिक्या सर्पमित्रांबद्दल बोलून घेतो. बिनविषारी कवड्या साप आणि विषारी मण्यार दिसायला सारखे. गळ्याकडे पट्टे ठळक तो कवड्या, शेपटीकडे ठळक ती मण्यार, हे पूर्वी मी सगळ्यांना शिकवायचो. बंद केलं. शिकवलं की पोरगं पट्टे बघायला वाकतं, आणि हल्ली दुसऱ्या हातात मोबाइल असतो. दोन महिन्यांत साप ‘ओळखता’ येतो म्हणणाऱ्याला मी बरणीसुद्धा धरायला देत नाही.

बाकीच्या चुका चटकन सांगतो. दोरी करकचून आवळणं : घोणस किंवा फुरसं चावलेला पाय त्याने उलट जास्त बिघडतो. काप देणं, तोंडाने चोखणं : नाहीच. साप मारून दवाखान्यात नेणं : गरज नाही, त्या नादात दुसऱ्याला चावतो. कुकरसारखा फुसफुसणारा ‘अजगराचं पिल्लू’ उचलणं : ती घोणस असते. घोण (घोणस नव्हे, मोठी गोम) चावल्यावर रडारड : दुखेल, सहसा उतरेल. उंबऱ्यावर रॉकेल आणि फिनेल ओतणं : वासच येतो फक्त. झुरळं कमी करा, विटांचा ढीग घरापासून लांब करा, मच्छरदाणी गादीखाली खोचा.

मी स्वतः एकच लाड करतो. जांभळट दिसणाऱ्या अतिनील (यूव्ही) प्रकाशाची छोटी बॅटरी जवळ ठेवतो. त्या उजेडात विंचू हिरवट चमकतो. निजण्याआधी न्हाणीघर, चपला आणि सरपणावर एक फेरी मारायची. परवा सरपणात पाठीवर पिल्लं घेतलेली मादी दिसली, अक्षरशः विंचवाचं बिऱ्हाड. लांब चिमट्याने डब्यात घेतली, माळावर सोडली आणि मग सरपणाला हात लावला.