जमिनीचा दावा काढून घेताय? पुरसिसवर सही करण्याआधी हे वाचा

भाऊबंदांत समेट झाला, बांधाचा वाद गावातच मिटला, नाहीतर मोजणी झाल्यावर कळलं की दाव्यात गट नंबरच चुकलाय. कारण काहीही असो, दिवाणी दावा काढून घेण्याचा अधिकार वादीला आहे आणि त्यासाठी एरवी प्रतिवादीची संमती लागत नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधल्या आदेश २३, नियम १ मध्ये तो दिलेला आहे. दावा बाहेर काढणं सोपं असतं. तोच दावा पुन्हा दाखल करता येईल की नाही, हे मात्र तुमच्या कागदावर काय लिहिलंय त्यावर ठरतं, आणि घोटाळा बहुतेक वेळा तिथेच होतो.

आधी ठरवा: कायमचा सोडायचा की पुन्हा आणायचा?

वाद खरोखर मिटला असेल तर साधी पुरसिस, म्हणजे कोर्टाला द्यायचं छोटं लेखी निवेदन, पुरते: 'वादीस दावा पुढे चालवायचा नाही, दावा काढून घेत आहे.' पण अशा पुरसिसवर दावा निकाली निघाला की त्याच प्रतिवादीविरुद्ध, त्याच विषयावर पुन्हा दावा आणता येत नाही. शिवाय खर्चही अंगावर पडू शकतो. 'आत्ता काढू, पुढे बघू' या भरवशावर साधी पुरसिस देऊ नका.

तडजोड झाली असेल तर माझ्या मते नुसता दावा काढून घेण्यापेक्षा लेखी तडजोडनामा कोर्टात दाखल करून त्याप्रमाणे हुकूमनामा (कोर्टाचा लेखी निर्णय) करून घेणं शहाणपणाचं. तोंडी ठरलेला हिस्सा भावाने उद्या नाकारला तर हातात काहीच उरत नाही. लोकअदालतीत तडजोड झाली तर कोर्ट फीही परत मिळते.

पुन्हा आणायचा असेल तर अर्ज वेगळा

इथे पुरसिस चालत नाही. कारणं मांडून रीतसर अर्ज द्यावा लागतो आणि विनंतीच्या परिच्छेदात स्पष्ट लिहावं लागतं: 'त्याच कारणावर नव्याने दावा दाखल करण्याची मुभा ठेवून सदर दावा काढून घेण्यास परवानगी द्यावी.' वकिलाने मसुदा दाखवला की आधी हे वाक्य शोधा.

कोर्ट ही मुभा दोन कारणांनी देतं: औपचारिक दोषामुळे दावा टिकणारच नसेल, किंवा नव्याने दावा आणू देण्यास पुरेसं कारण असेल. आवश्यक पक्षकार राहून जाणं, सरकार प्रतिवादी असताना याच संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस न देणं, मिळकतीचं वर्णन चुकणं, हे औपचारिक दोषात बसू शकतात. चूक छोटी असेल तर आधी दावा दुरुस्तीचा अर्ज करता येतो का, हे वकिलाला विचारा. तेवढ्यासाठी दावा काढायची गरज नसते. साक्षीदार उलटला, पुरावा कमी पडला, म्हणून 'परत पहिल्यापासून' ही सवलत मिळत नाही. के. एस. भूपती विरुद्ध कोकिळा या प्रकरणात दुसऱ्या अपिलाच्या टप्प्यावर हायकोर्टाने दिलेली परवानगी सुप्रीम कोर्टाने २००० साली रद्द केली. प्रतिवादीच्या बाजूने निकाल झाल्यावर तो असा पुसून टाकता येत नाही.

अर्जावर समोरच्याचं म्हणणं मागवलं जातं. त्याला खर्च देण्याची अट कोर्ट घालू शकतं. ती पाळा, नाहीतर नव्या दाव्यात तोच पहिला आक्षेप येईल.

सह्या कुणाच्या?

वादी चार असतील तर एकट्याला बाकीच्यांच्या संमतीशिवाय दावा काढता येत नाही. वादींत अज्ञान (१८ वर्षांखालचं) मूल असेल तर कोर्टाची परवानगी लागते. वकीलपत्रात अधिकार दिलेला असला तरी स्वतः हजर राहून सही करा. वाटपाच्या दाव्यात जरा थांबा, कारण तिथे प्रतिवादीही हिस्सेदारच असतात. प्राथमिक हुकूमनामा (कुणाचा किती हिस्सा हे ठरवणारा) झाल्यावर वादीला एकट्याच्या मर्जीने दावा गुंडाळता येत नाही. प्रतिवादीने त्याच दाव्यात तुमच्यावर उलट दावा (प्रतिदावा) केला असेल तर तुमचा दावा गेल्यावरही तो चालूच राहतो.

मुदतीचं गणित

मुभा मिळाली म्हणून दावा दाखल करायची मुदत वाढत नाही. नव्या दाव्याची मुदत जुना दावा कधी झालाच नव्हता असं धरून मोजतात. मालकी हक्कावरून ताबा मागायला १२ वर्षं, साठेखतावरून खरेदीखत मागायला ३ वर्षं. दावा काढण्याआधी तारखा मोजा. कोर्टाच्या अधिकारक्षेत्राच्या किंवा तशाच दोषामुळे मुभा मिळाली असेल, तर मुदत कायद्याच्या कलम १४ खाली मधला काळ वजा करून मागता येतो. आणि दावा संपताच तात्पुरता मनाई हुकूमही संपतो. समोरचा जमीन विकायच्या तयारीत असेल तर याचा आधी विचार करा.

आदेश झाल्यावर

आदेशाची नक्कल काढा आणि 'मुभा' हा शब्द त्यात आहे का, ते स्वतः वाचा. नसेल तर वकिलाला त्याच दिवशी गाठा. दावा दाखल करताना लिस पेंडन्सची (मिळकतीवर दावा चालू असल्याची) नोटीस नोंदवली असेल, किंवा सातबाऱ्याच्या इतर हक्कात दाव्याची नोंद असेल, तर ती आपोआप जात नाही. नक्कल जोडून तलाठ्याकडे अर्ज द्या आणि फेरफार मंजूर होईपर्यंत पाठपुरावा करा. महिन्याभराने नवा सातबारा काढून बघा.