सोलापुरात बसून गाणं करायचं तर

आधी आवाजाचं बघा. शहराच्या पूर्वभागात दिवसभर यंत्रमागांचा खडखडाट असतो, म्हणून व्होकल रात्री घ्या, आणि गाणाऱ्याच्या पाठीमागं दोन-तीन सोलापुरी चादरी दुहेरी करून दोरीवर टांगा, खोलीचा घुमारा लगेच कमी होतो, महागडा फोम नंतर बघू. चाल सुचली की तिथंच फोनमध्ये गुणगुणून ठेवा, बीट काय नंतर बसतो.

आणि हे मनावर घ्याच: गाण्याच्या कमाईत कुणाचे किती टक्के ते रेकॉर्डिंगच्याच दिवशी लिहून सह्या घ्या. माझी एक चाल नुसत्या तोंडी बोलण्यावर गेली, अजून जीव तुटतो. २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर गीतकार-संगीतकाराचा रॉयल्टीचा हक्क कंपनीला लिहून घेता येत नाही, म्हणून आयपीआरएसचं, म्हणजे गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करून त्यांना देणाऱ्या संस्थेचं, सदस्यत्व घ्या आणि प्रत्येक गाणं तिथं नोंदवा.