ताबा वॉरंट घेऊन निघण्यापूर्वी

घर खाली करून देण्याचा कोर्टाचा हुकूमनामा झाला म्हणजे किल्ली मिळाली, असं होत नाही. त्यासाठी वेगळी दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावावी लागते आणि त्यावर कोर्टाकडून ताबा वॉरंट, म्हणजे ताबा देण्याचा लेखी आदेश, निघतो. बेलिफ (वॉरंट बजावणारा कोर्टाचा कर्मचारी) दारात उभा असताना जे बिघडतं ते बहुतेकदा आधी कागदावरच बिघडलेलं असतं, म्हणून तयारी कागदापासून.

हुकूमनाम्याची प्रमाणित नक्कल काढा आणि तारीख बघा. ताब्याच्या दरखास्तीला १२ वर्षांची मुदत आहे खरी, पण २ वर्षं उलटून गेली की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ नियम २२ प्रमाणे (पुढचे नियमही याच आदेशातले) सामनेवाल्याला, म्हणजे ज्याच्याविरुद्ध हुकूमनामा झाला त्याला, आधी नोटीस काढावी लागते. तो मयत असेल तर वारसांना. शहाण्याने त्या २ वर्षांच्या आतच दरखास्त लावावी. समोरच्याने नुसतं अपील केलं म्हणून काम थांबत नाही, त्याला स्थगिती आणावी लागते. ती एकतर्फी मिळू नये म्हणून अपिलाच्या कोर्टात कॅव्हेट, म्हणजे ‘आम्हाला ऐकल्याशिवाय हुकूम करू नका’ असा अर्ज, लावा. कॅव्हेट ९० दिवसच टिकतं, तेव्हा तारीख डायरीत लिहून ठेवा.

मग मिळकतीचं वर्णन. इथे घाई नको. हुकूमनाम्यातला गट नंबर किंवा सिटी सर्व्हे नंबर, चतुःसीमा, क्षेत्र आणि जागेवरची स्थिती एकदा स्वतः फिरून ताडून पाहा. दावा चालला तेवढ्या वर्षांत पूर्वेकडचा शेजारी बदलतो, दोन खोल्यांच्या तीन होतात, पालिकेचा घरक्रमांक नवा येतो. बेलिफाला वॉरंटातलंच वाचायचं असतं. जागा ओळखू येत नाही असा शेरा मारून त्याने वॉरंट परत केलं, तर दोष त्याचा नव्हे. मोकळी जमीन असेल तर मोजणीचा नकाशा जवळ हवाच. शेतजमिनीच्या वाटपाचा रस्ता मात्र वेगळा, तो त्याच संहितेच्या कलम ५४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडून जातो.

आत खरोखर कोण राहतं, हेही आधीच शोधा: मतदार यादी, वीजबिलावरचं नाव, सोसायटीचं दफ्तर, दुय्यम निबंधकाकडचा शोध. हुकूमनामा ज्याला बांधतो त्यालाच बेलिफ बाहेर काढू शकतो. ऐन वेळी कुणी ‘मी वेगळा भाडेकरू’ म्हणत पुढे आला, की त्या दिवसाचं काम तिथेच संपतं. मग अडथळा दूर करण्यासाठी नियम ९७ चा अर्ज ३० दिवसांत करायचा. अडवणाऱ्याचा हक्क त्याच दरखास्तीत ठरतो, नवा दावा लागत नाही. दावा चालू असताना सामनेवाल्याकडून जागा विकत घेतलेल्याला मात्र नियम १०२ मुळे असा अडथळा घालता येत नाही. म्हणून त्याच्या खरेदीखताची नक्कल सोबत असू द्या.

कुलूप तोडण्याचा अधिकार नियम ३५ मध्ये आहेच. तरी तसा स्पष्ट हुकूम अर्ज करून घ्या, बेलिफ निर्धास्त होतो. पोलीस बंदोबस्ताचा हुकूम घेऊन ठाण्यात आधीच जा. आदल्या संध्याकाळी गेलात तर ‘माणसं नाहीत’ हेच ऐकाल. प्रोसेस फी, बंदोबस्ताचे पैसे भरून पावत्या फाइलला लावा.

त्या दिवशी चावीवाला, नवी कुलपं, टेम्पो, हमाल आणि दोन पंच हवेत. पंच आपल्या घरातले नकोत. ताकद दाखवायला माणसं मुळीच नेऊ नका. सामान राहिलं तर प्रत्येक वस्तू पंचनाम्यात लिहून घ्या, चित्रीकरण करा. नंतर ‘कपाटात दागिने होते’ ही तक्रार हमखास येते. आत आजारी माणूस असेल आणि मुदत मागितली, तर ती लेखी पुरशीस (कोर्टात द्यायचं निवेदन) होऊन कोर्टापुढे येऊ द्या. दारातलं तोंडी आश्वासन कामाचं नाही.

ताबे पावतीवर सही सगळ्या खोल्या, माळा, मागचं दार पाहूनच करा. पूर्ण ताबा मिळाला असं लिहून दिलं की हुकूमनाम्याची पूर्तता झाली. राहिलेल्या खोलीसाठी तेच वॉरंट पुन्हा चालवणं अवघड. सामनेवाला रात्री कुलूप तोडून परत शिरला, तर फौजदारी तक्रार, कदाचित नवा दावाही. निदान काही दिवस तिथे आपला माणूस झोपवा, आणि दुसऱ्याच दिवशी सोसायटीला व वीज कार्यालयाला पंचनाम्याची नक्कल देऊन पोच घ्या.