घरच्या दह्यातले जीवाणू कसे बघायचे: आकार, माप आणि त्यांची जोडणी

माझी भाची यंदा अकरावीत गेली, आणि पहिल्याच महिन्यात वहीत जीवाणूंची आकृती काढून घेऊन आली, एक गोल, एक काडी, एक स्वल्पविराम, एक स्प्रिंगसारखा, खाली नावं लिहिली की झालं. मला म्हणाली, "आत्या, हे सगळं पाठ आहे मला, पण खरंच असे दिसतात का गं?" मी बडोद्यात बरीच वर्षं मायक्रोबायोलॉजीची प्रॅक्टिकल्स घेतलीत, आणि हा प्रश्न कोणी विचारला की मला राहवत नाही. तिला म्हटलं चल, काल रात्री लावलेलं दही आण. त्या दिवशी जे केलं तेच इथे सांगते, तुम्हीही करू शकता.

आधी सॅम्पलचं बोलू. दही, ढोकळ्याचं आंबवलेलं खीरू, आणि स्वतःच्या दातावरचा कीट, एवढंच घ्या. पू, थुंकी, गटाराचं पाणी याला हात लावायचा नाही, आणि घरी प्लेटवर जीवाणू वाढवायचे तर मुळीच नाहीत, कारण वाढवल्यावर नेमकं काय वाढलं ते आपल्याला कळत नाही. दह्यात जे आहेत ते आपण रोज खातोच.

सामान फार लागत नाही. काचेच्या स्लाइड्स, ड्रॉपर, टूथपिक, सर्जिकल स्पिरिट, आणि रंग. मिथिलीन ब्लू फिशटँकच्या दुकानात मिळतं, माशांच्या औषधासाठी ठेवतात ते. नाहीतर तोंड आल्यावर लावायचं ते जांभळं औषध, जेंशियन व्हायोलेट, तेही चालतं, त्यातला मुख्य रंग म्हणजे लॅबमधलं क्रिस्टल व्हायोलेटच. मायक्रोस्कोप मात्र १०० एक्सच्या ऑइल लेन्सचा हवा, शाळा-कॉलेजच्या लॅबमध्ये तासभर मागून बघा. सरांना नीट कारण सांगितलं तर सहसा नाही म्हणत नाहीत.

आता स्मिअर, म्हणजे स्लाइडवरचा पातळ थर. सगळं काम इथेच बनतं किंवा बिघडतं. साय बाजूला करा, दह्याला सुटलेलं पाणी ड्रॉपरने घ्या, एक थेंब दह्याचं पाणी आणि चार-पाच थेंब उकळून गार केलेलं पाणी असं वाटीत मिसळा, त्यातला एक छोटा थेंब स्लाइडवर ठेवून टूथपिकने रुपयाच्या नाण्याएवढा अलगद पसरा. अलगद म्हणजे खरंच अलगद, चंदन उगाळल्यासारखं घासायचं नाही, त्याचं कारण पुढे येतंय. थर सुकल्यावर जेमतेम धुरकट दिसला पाहिजे, पांढरा दिसला तर जाड झाला, टाका आणि दुसरा करा.

हवेत पूर्ण सुकू द्या. मग थराची बाजू वर ठेवून स्लाइड गॅसच्या किंवा स्पिरिट लॅम्पच्या निळ्या ज्योतीवरून दोन-तीनदा पटकन फिरवा, याने पेशी काचेला चिकटतात. निरांजनाची ज्योत नको, काजळी धरते. स्लाइडची मागची बाजू हाताच्या पाठीला लावून बघा, गरम लागावी पण चटका बसू नये, चटका बसला म्हणजे पेशीही आक्रसल्या. दह्यात स्निग्धांश असतो, म्हणून गार झालेली स्लाइड मिनिटभर स्पिरिटमध्ये बुडवून परत सुकवा, नाहीतर रंग नीट बसत नाही, आणि स्पिरिट काढण्याआधी ज्योत बंद करा. मग मिथिलीन ब्लूचे दोन-तीन थेंब, एक-दोन मिनिटं, जांभळं औषध असेल तर अर्धं मिनिट पुरतं. स्लाइड तिरपी धरून पाण्याची बारीक धार थराच्या वरच्या बाजूला सोडा, धार थेट थरावर नको. टिश्यूने टिपून घ्या, पुसू नका.

मायक्रोस्कोपवर आधी १० एक्सवर रंगीत भाग शोधा, मग ४० एक्स, मग लेन्स थोडी फिरवून स्लाइडवर इमर्शन ऑइलचा एक थेंब टाकून १०० एक्स. आयपीस, म्हणजे डोळा लावायचं भिंग, १० एक्सचा म्हणजे एकूण हजारपट. तेल कशाला, तर काचेतून हवेत येताना प्रकाश वाकतो आणि बराचसा लेन्सबाहेर निसटतो, तेल काचेसारखंच वागतं म्हणून तो आत येतो आणि चित्र स्पष्ट होतं. कंडेन्सर, म्हणजे स्लाइडखालचं प्रकाश गोळा करणारं भिंग, वर, डायफ्रॅम, म्हणजे त्याची प्रकाश कमी-जास्त करणारी झडप, बऱ्यापैकी उघडा, आणि १०० एक्सवर गेल्यावर फक्त छोटा नॉब फिरवायचा, मोठा फिरवलात तर स्लाइड फुटते आणि लेन्सला ओरखडा जातो.

भाचीने डोळा लावला आणि म्हणाली, "आत्या, हे तर नुसते ठिपके आहेत!" मी म्हटलं फोकस अगदी सावकाश फिरव आणि बघत राहा. दोन मिनिटांनी एकदम ओरडली, "माळ आहे माळ!" ती माळ म्हणजे बहुधा स्ट्रेप्टोकॉकस. दह्यात गोल पेशी अशा जोडीजोडीने किंवा माळेत दिसतात, आणि त्यांच्यात लांबट काड्या दिसल्या तर त्या बहुधा लॅक्टोबॅसिलस. ताज्या दह्यात बहुतेक वेळा गोल जास्त असतात आणि दही आंबट होत गेलं की काड्या वाढतात, कारण काड्यांना आंबटपणा जास्त सोसतो. म्हणून रात्री लावलेलं दही आणि दोन दिवसांचं दही अशा दोन स्लाइड्स शेजारीशेजारी करा, मला विचाराल तर या सगळ्या खटाटोपातली खरी मजा तिथे आहे. बडोद्यात मे महिन्यात हा फरक पटकन दिसतो, जानेवारीत दही लागायलाच वेळ लागतो तेव्हा जरा थांबावं लागेल.

आता माळ का होते? जीवाणू एकाचे दोन होत वाढतात. गोल पेशी दर वेळी एकाच दिशेने दुभंगली आणि पिल्लं सुटी झाली नाहीत, तर माळ. दोन दिशांनी दुभंगली तर चारचा चौकोन. तिन्ही दिशांनी नीट क्रमाने दुभंगली तर आठाचं गाठोडं, सार्सिना या जीवाणूत असं होतं. आणि दिशेला काही ताळतंत्र नसेल तर द्राक्षाचा घड. १८८२ मध्ये ऑग्स्टन नावाच्या स्कॉटिश सर्जनने त्या घडावरूनच स्टॅफिलोकॉकस हे नाव दिलं, ग्रीकमध्ये स्टॅफिली म्हणजे द्राक्षाचा घड. काडी मात्र आडवीच दुभंगते, तिला दुसरी दिशा नाही, म्हणून काड्यांच्या जोड्या होतात, माळा होतात, पण चौकोन होत नाही. डिप्थेरियाच्या काड्या तुटताना एका बाजूने चिकटून राहतात आणि मग व्ही किंवा एल अक्षरासारख्या दिसतात. एवढं समजलं की पाठांतर करावंच लागत नाही, पेशी कशी दुभंगली ते बघितलं की जोडणी आपोआप कळते.

पण सावधान, जोडणी आपल्या हातानेही मोडते आणि आपल्या हातानेच खोटी तयारही होते. टूथपिक जोरात घासली की लांब माळा तुटून जोड्या आणि एकेकटे गोल उरतात. थर जाड झाला की सुटे गोल एकमेकांवर साचून घड वाटतात. मी शिकत असताना एका परीक्षेत जाड स्मिअर करून माळेला घड लिहून बसले होते, तेव्हापासून पक्कं ठरवलंय की एका जागेवरून कधीच निकाल द्यायचा नाही. थराच्या विरळ कडेला जा, दहा वेगवेगळ्या जागा बघा, आणि जे वारंवार दिसतं तेच वहीत लिहा. द्रवातून घेतलेलं सॅम्पल जोडणी बघायला सगळ्यात चांगलं, म्हणूनच मी दह्याचा गोळा न घेता पाणी घ्यायला सांगितलं.

माप कसं काढायचं? दह्यातले गोल साधारण एक मायक्रॉनच्या आत-बाहेर, म्हणजे एका मिलिमीटरात हजार बसतील एवढे. आयपीसवर १८ असा आकडा लिहिलेला असेल तर १०० एक्सवर डोळ्याला दिसणाऱ्या सगळ्या उजळ वर्तुळाची रुंदी १८ भागिले १००, म्हणजे ०.१८ मिलिमीटर, म्हणजे १८० मायक्रॉन. काडी त्या रुंदीत अंदाजे किती वेळा बसेल ते बघा आणि भागा. हे अवघड वाटलं तर माझी युक्ती करा, ब्रेडच्या यीस्टचे दोन दाणे पाण्यात विरघळवून त्याचा अगदी थोडा अंश दह्याच्या पाण्यात मिसळा. यीस्टची पेशी साधारण ५ ते १० मायक्रॉनची, ती जीवाणूंच्या शेजारी भोपळ्यासारखी दिसते आणि तीच तुमची पट्टी होते. गरम करताना सगळ्याच पेशी थोड्या आक्रसतात, त्यामुळे आकडा अंदाजेच समजा.

खीऱ्यात गोल आणि काड्या दोन्ही मिळतात, कधी यीस्टही. दाताचा कीट मात्र नक्की बघाच, सकाळी ब्रश करायच्या आधी टूथपिकने मागच्या दाढेवरचा थोडासा घ्या आणि पाण्याच्या थेंबात पसरा. १६८३ मध्ये लेव्हेनहूक या डच संशोधकाने स्वतःच बनवलेल्या एका भिंगाच्या मायक्रोस्कोपखाली हेच बघून लंडनच्या रॉयल सोसायटीला पत्र लिहिलं होतं, आणि तुम्हाला आज दिसतील त्या गोल, काड्या, लांब दोरे त्याच जातीचा पसारा. नशीब असेल तर स्प्रिंगसारखे स्पायरोकीटही दिसतात, पण ते इतके बारीक असतात की साध्या रंगात हुकतात, दिसले नाहीत तर वाईट वाटून घेऊ नका. स्वल्पविरामासारखा कॉलऱ्याचा व्हिब्रिओ पुस्तकातच बघायचा, रॉबर्ट कॉख या जर्मन शास्त्रज्ञाने १८८४ मध्ये कलकत्त्यात त्यावर काम केलं होतं.

अजून एक. आकारावरून नाव ठरवू नका. माळ दिसली म्हणजे तो घशाचा रोग करणाराच स्ट्रेप्टोकॉकस असं नसतं, दह्यातला त्याचाच चांगला भाऊबंद आहे. ग्रॅम नावाच्या शास्त्रज्ञाच्या पद्धतीने रंग दिला तर जीवाणूंचे जांभळे-गुलाबी असे दोन गट पडतात, पण त्याला आयोडीन आणि सॅफ्रानिन हा लाल रंग लागतो आणि अल्कोहोलची वेळ सेकंदांवर सांभाळावी लागते, ते कॉलेजच्या लॅबमध्ये सरांसमोरच करा. तिथेही जुनं दही घेऊ नका, म्हाताऱ्या पेशी जांभळ्याच्या गुलाबी दिसतात आणि घोटाळा होतो.

वहीत आकृतीसोबत दही किती तासांचं होतं, रंग कोणता, किती जागा बघितल्या ते लिहा. भाचीने तर माळेत किती मणी आहेत तेही मोजून लिहिलं. काम झालं की लेन्सवरचं तेल लेन्स पेपरने टिपा, ओढणीने किंवा रुमालाने पुसू नका. स्लाइड्स साबणाच्या पाण्यात दहा मिनिटं उकळा, टूथपिक ब्लीचच्या पाण्यात अर्धा तास ठेवून मग कचऱ्यात टाका, आणि हात धुवून मगच उरलेलं दही खा.