चिनी गणितज्ञांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेला जाण्याची तयारी

गणितज्ञ शिंग-तुंग याउ यांच्या पुढाकाराने १९९८ मध्ये बीजिंगला सुरू झालेली चिनी गणितज्ञांची आंतरराष्ट्रीय परिषद साधारणपणे दर तीन वर्षांनी भरत आली असून, तैपेई (२००१), हाँगकाँग (२००४) आणि हांगचौ (२००७) येथेही तिची अधिवेशने झाली आहेत. दर चार वर्षांनी होणाऱ्या जागतिक गणित परिषदेशी तिची गल्लत करू नये; २००२ मध्ये तीही बीजिंगलाच भरल्यामुळे जुने अहवाल चाळताना हा घोटाळा सहज होतो. ‘चिनी’ म्हणजे केवळ चीनचे नागरिक असाही अर्थ नाही. तैवान, हाँगकाँग, अमेरिका किंवा युरोपात काम करणारे चिनी वंशाचे गणितज्ञ येथे एकत्र येतात.

सर्वप्रथम अधिवेशनाचे ठिकाण पाहावे, कारण प्रवेशाचे नियम त्यावर ठरतात. चीनची मुख्य भूमी, हाँगकाँग आणि तैवान यांची प्रवेशव्यवस्था वेगवेगळी आहे, त्यामुळे बीजिंगसाठी काढलेला व्हिसा तैपेईला चालत नाही.

त्यानंतर वक्त्यांची यादी घेऊन बसावे. येथे खरी अडचण नावांची असते, कारण एकच व्यक्ती इंग्रजी शोधनिबंधांत एका रूपाने आणि मुख्य भूमीच्या कागदपत्रांत दुसऱ्याच रूपाने भेटते. स्वतः याउ तिकडे छिउ छंगथुंग होतात, तर अमेरिकेतील बर्कले येथे त्यांना पीएच.डी.साठी मार्गदर्शन करणारे भूमितिज्ञ चर्न हे छन शिंगशन होतात. उलट ली, वांग, झांग या आडनावांचे संशोधक इतके आहेत की केवळ आडनाव आणि आद्याक्षर यांवरून शोध घेतल्यास भलत्याच माणसाचे निबंध हाती लागतात. म्हणून नावासोबत संस्था, अभ्यासशाखा आणि शक्य असल्यास पीएच.डी.चे मार्गदर्शक यांची नोंद करावी; गणितज्ञांची गुरुपरंपरा नोंदवणारी मॅथेमॅटिक्स जीनिऑलॉजी प्रोजेक्ट ही सूची यासाठी फार उपयोगी पडते.

सगळीच व्याख्याने ऐकण्याचा हट्ट धरू नये. आपल्या शाखेतील तीन-चार निवडावीत, गोषवारा वाचावा, व्याख्यान इंग्रजीत आहे की चिनी भाषेत हे आधीच विचारून घ्यावे, आणि मुख्य म्हणजे वक्ता ज्या जुन्या निकालावर उभा आहे तो निकाल आधी वाचावा. २०१३ च्या तैपेई अधिवेशनात विशेष पुरस्काराने गौरवलेले यितांग झांग यांचेच काम पाहा. ज्यांच्यातील अंतर ७ कोटींपेक्षा कमी आहे अशा मूळ संख्यांच्या जोड्या अनंत आहेत, हे त्यांनी त्याच वर्षी सिद्ध केले. त्यांचा निबंध थेट उघडणारा वाचक पहिल्या काही पानांतच अडकतो. गोल्डस्टन, पिंट्झ आणि यिल्दिरिम यांची चाळणी-पद्धत (नको त्या संख्या गाळत मूळ संख्यांचा अंदाज घेण्याची रीत) आधी समजली, आणि भाजकाने भागल्यावर उरणाऱ्या बाक्यांनुसार मूळ संख्या सरासरीने कशा विभागल्या जातात हे ठरावीक आकारापर्यंतच्या भाजकांसाठी सांगणाऱ्या बाँबिएरी-विनोग्रादोव्ह प्रमेयाची ती आकाराची मर्यादा थोडी जरी ओलांडता आली तरी त्या पद्धतीतून असा निकाल मिळतो हे लक्षात आले, की झांग यांनी नेमके काय केले ते स्पष्ट दिसते: मोठे मूळ अवयव नसलेल्या भाजकांपुरती ती मर्यादा त्यांनी ओलांडली. एवढी पूर्वतयारी असेल तर अशा विषयावरील व्याख्यानात प्रश्न विचारण्याचे धाडस होते. नसेल तर ७ कोटी हा आकडा तेवढा लक्षात राहतो.

याच परिषदेत चिनी वंशाच्या गणितज्ञांना दिल्या जाणाऱ्या मॉर्निंगसाइड पदकांच्या घोषणेकडे अनेकजण समारंभ म्हणून पाहतात. माझ्या मते ती वाचनाची तयार यादी आहे. गणितातील सर्वोच्च सन्मानांत गणल्या जाणाऱ्या फील्ड्स पदकाची वयोमर्यादा ४० असताना येथे ती ४५ ठेवलेली आहे, त्यामुळे पूर्ण बहरात असलेले, पण कदाचित सर्वदूर न पोहोचलेले काम तिच्यात सापडते. १९९८ च्या सुवर्णपदक विजेत्यांत अंकगणितीय भूमितीचे (म्हणजे समीकरणांच्या पूर्णांक वा अपूर्णांक उत्तरांचा भूमितीच्या साधनांनी अभ्यास करणाऱ्या शाखेचे) शौ-वू झांग होते. त्या शाखेत शिरू पाहणाऱ्याने त्यांच्या निबंधांपासून आरंभ करणे आजही योग्य ठरेल.

व्याख्यान चालू असताना प्रत्येक समीकरण उतरवून घेण्यापेक्षा प्रमेयाचे विधान, वापरलेली मुख्य साधने आणि वक्त्याने ‘हे अजून जमलेले नाही’ म्हणून सोडलेला मुद्दा टिपावा. हा शेवटचा मुद्दा छापील लेखात बहुधा सौम्य होतो किंवा गळतो. जे अधिवेशनाला जाऊ शकत नाहीत त्यांनी इंटरनॅशनल प्रेसकडून निघणारे परिषदेचे नियतकालिक आणि जुने वृत्तांतग्रंथ पाहावेत. पहिल्या अधिवेशनाचा ग्रंथ अमेरिकन मॅथेमॅटिकल सोसायटी आणि इंटरनॅशनल प्रेस यांच्या संयुक्त मालेत उपलब्ध आहे.