अमेरिकाविरोधी भावनेवर व्याख्यान कसे बांधावे

सांगलीतील एखाद्या वाचनालयात किंवा महाविद्यालयाच्या अभ्यासमंडळात या विषयावर तासभर बोलण्याची वेळ आली, तर बहुतेक वक्ते थेट इराक युद्धाला हात घालतात आणि पहिल्या दहा मिनिटांतच श्रोत्यांचे दोन तट पडतात. सांगलीत सुरुवात हळदीपासून करावी. जखम भरून येण्यासाठी हळद वापरण्याचे पेटंट १९९५ साली अमेरिकेत मिसिसिपी विद्यापीठाच्या वैद्यकीय केंद्राला मिळाले होते. सांगलीजवळच्या हरिपूरच्या पेवांमध्ये, म्हणजे जमिनीखालच्या कोठारांमध्ये, पिढ्यान्‌पिढ्या हळद साठवणाऱ्या आणि कापलेल्या बोटावर तीच दाबणाऱ्या माणसाला यातला अपमान समजावून सांगावा लागत नाही. मात्र गोष्ट तिथेच थांबवू नये. पेटंट घेणारे संशोधक मूळचे भारतीय होते. आपल्या वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेने जुन्या ग्रंथांचे आणि छापील शोधनिबंधांचे पुरावे सादर केल्यावर १९९७ साली ते पेटंट रद्द झाले, आणि ते रद्द केले अमेरिकेच्याच पेटंट कार्यालयाने. राग पूर्वार्धावर पोसला जातो आणि उत्तरार्ध सांगायचा राहून जातो. म्हणून टिपणे काढताना वहीच्या पानावर मधोमध उभी रेघ मारावी, डावीकडे तक्रार आणि उजवीकडे तिचा उत्तरार्ध लिहावा. उजवी बाजू कोरी राहिली तर ती तक्रार अजून व्याख्यानात घेऊ नये.

पुढची पायरी म्हणजे राग कशावरचा आहे हे वेगळे करणे. अमेरिकेने केलेल्या कृत्याचा राग आणि अमेरिका जशी आहे तिचा, म्हणजे तिच्या बाजारपेठेचा, सिनेमाचा, राहणीचा राग, हे एकत्र कालवले की व्याख्यानाचा चिवडा होतो. दुसऱ्या प्रकारावर फार वेळ घालवू नये. १९९९ मध्ये फ्रान्समधील मियो या गावी शेतकऱ्यांनी मॅकडोनाल्ड्सच्या बांधकामाची मोडतोड केली, ते उदाहरण पुरेसे आहे. आणि तिथेही अमेरिकेने रोकफोर्ट चीजवर लादलेल्या जबर आयातशुल्काचा, म्हणजे पुन्हा एका कृत्याचाच, राग होता.

कृत्यांपैकी इराणला सर्वाधिक वेळ द्यावा, कारण बाकीच्या जगाचा संशय समजण्याची किल्ली तिथे सापडते. पंतप्रधान मोसद्देक यांनी १९५१ साली ब्रिटिशांच्या ताब्यातील तेल उद्योगाचे राष्ट्रीयीकरण केले. ऑगस्ट १९५३ मध्ये ब्रिटन आणि अमेरिकेच्या गुप्तहेर संस्थांनी घडवून आणलेल्या उठावात त्यांची सत्ता गेली आणि इराणचा राजा असलेल्या शहाची पकड घट्ट झाली. नोव्हेंबर १९७९ मध्ये तेहरानच्या अमेरिकी दूतावासात ओलीस धरलेल्यांपैकी ५२ अमेरिकी ४४४ दिवस अडकून पडले, तेव्हा अमेरिकेतील सामान्य माणसाला गोष्ट त्या दिवशी सुरू झाली असे वाटले, तर इराणी माणसाच्या मनात ती २६ वर्षे चालूच होती. उजव्या बाजूला हेही लिहावे की त्या उठावात इराणचे लष्करी अधिकारी आणि काही धर्मगुरूही सामील होते, आणि १९७९ नंतरच्या सत्ताधाऱ्यांनी तीच जुनी जखम स्वतःच्या विरोधकांना देशद्रोही ठरवण्यासाठी वापरली. ग्वाटेमाला १९५४ व चिली १९७३ येथील सत्तापालट आणि व्हिएतनाम व इराक २००३ ही युद्धे यांचा उल्लेख सनावळीसह थोडक्यात करावा. इराकबाबत मात्र ज्या महासंहारक शस्त्रसाठ्यांचे कारण दिले होते ते सापडलेच नाहीत, हे वाक्य गाळू नये.

भारताचा भाग सांगताना पुस्तकापेक्षा समोरच्या श्रोत्यांची आठवण अधिक कामी येते. आटपाडी, जत, माण, खटाव या भागांतील वयस्कांना १९७२ च्या दुष्काळात रेशनवर मिळालेली तांबडी मिलो, म्हणजे आयात केलेली ज्वारी, आणि तिच्या भाकरीची चव आजही आठवते. अमेरिकेच्या पीएल ४८० या अन्नमदतीच्या कायद्याखाली पूर्वी येणारा गहू राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी १९६५ नंतर थोडा थोडा, हात आखडून सोडला. शेतीविषयक धोरण बदलावे हा त्यामागचा एक आग्रह होता आणि व्हिएतनाम युद्धावरील भारताची टीका त्यांना खुपत होती. त्या गव्हाने लाखो माणसे जगली हेही खरे आणि त्या अवलंबित्वाची टोचणी लागली हेही खरे. उपकाराखाली दबलेला माणूस उपकारकर्त्यावर प्रेम करतोच असे नाही, हे आपल्याकडे सावकारीच्या अनुभवातून सर्वांना ठाऊक आहे. डिसेंबर १९७१ मध्ये भारत-पाकिस्तान युद्ध चालू असताना बंगालच्या उपसागराकडे निघालेल्या अमेरिकेच्या सातव्या आरमारातील ताफ्याचा विषय काढण्यापूर्वी सभागृहात त्या युद्धातील निवृत्त सैनिक आहेत का, हे संयोजकांना विचारून घ्यावे आणि असतील तर पाच मिनिटे त्यांना द्यावीत.

सर्वेक्षणांचे आकडे वापरायचे असल्यास प्रश्न देशाविषयी विचारला होता, लोकांविषयी की राष्ट्राध्यक्षांविषयी, हे तपासावे, कारण अध्यक्ष बदलला की युरोपातील मत झपाट्याने बदलते. शिवाय अपवाद जवळ ठेवावेत. ज्या व्हिएतनामवर अमेरिकेने इतके बॉम्ब टाकले, तिथे २०१५ आणि २०१७ च्या प्यू या अमेरिकी संशोधन संस्थेच्या सर्वेक्षणांत चारपैकी तीनहून अधिक लोकांनी अमेरिकेविषयी अनुकूल मत दिले. त्यामागे चीनची धास्ती आणि तरुण लोकसंख्या यांचा वाटा मोठा असावा. आग्नेय युरोपातील कोसोव्होच्या राजधानीत तर अमेरिकेचे माजी राष्ट्राध्यक्ष बिल क्लिंटन यांचा पुतळा उभा आहे. जिथे राग असायला हवा तिथे तो का नाही, हा प्रश्न श्रोत्यांना अधिक विचार करायला लावतो, असा माझा अनुभव आहे.

शेवटची पंधरा मिनिटे प्रश्नांसाठी मोकळी ठेवावीत. “एवढे वाईट आहे तर आपली मुले तिकडे का जातात?” हा प्रश्न येणारच, आणि तो विचारणाऱ्याचा मुलगा बहुधा न्यू जर्सीत असतो. त्याला टोमणा मारू नये. एखाद्या देशाच्या परराष्ट्र धोरणावर संतापणे आणि त्याच देशाच्या विद्यापीठाचा व पगाराचा मोह पडणे, या दोन्ही गोष्टी तेहरानपासून मनिलापर्यंत एकाच घरात नांदतात, असे सांगून पुढचा प्रश्न घ्यावा.